महमूद गझनवी पठाण होता की इराणी? एका फिरत्या दाव्याचा प्रतिवाद

‘गझनीचा महमूद तुर्क नव्हताच’ असा एक मजकूर वरचेवर फिरत असतो. त्यात कारणं तीन दिलेली असतात. गझनी अफगाणिस्तानात, म्हणून तो पठाण. दरबार फारसी, म्हणून घराणं इराणी. आणि वंश तर थेट इस्लामपूर्व इराणचा शेवटचा सासानी सम्राट तिसरा यझ्दगिर्द याचा. एकच माणूस पठाण आणि इराणी दोन्ही कसा, याचा खुलासा मजकुरात नसतो. असो, एकेक मुद्दा घेऊ.

‘गझनी अफगाणिस्तानात, म्हणून पठाण’

अफगाणिस्तान नावाच्या राज्याची सुरुवात साधारण 1747 पासून, अहमदशाह अब्दालीपासून धरतात. महमूद 1030 मध्येच वारला. त्याचा बाप सबुक्तिगीन इस्सिक-कुल सरोवराकाठच्या बर्सखानचा, म्हणजे आजच्या किरगिझस्तानातला. तुर्क टोळ्यांच्या भांडणात तो पकडला गेला, गुलाम म्हणून विकला गेला आणि बुखाऱ्याच्या सामानी राज्याचा तुर्क सेनापती अल्पतिगीन याने त्याला विकत घेतलं. अल्पतिगीनने गझनी घेतली 962 मध्ये, सबुक्तिगीन तिथे सत्तेवर आला 977 मध्ये.

अफगाण, म्हणजे आजचे पठाण, तेव्हाही होते, पण वेगळे. महमूदच्या काळाचा इतिहास लिहिणारा उत्बी सांगतो की सबुक्तिगीनने अफगाणांना सैन्यात घेतलं, तर महमूदने डोंगरातल्या अफगाणांवर स्वारी केली. महमूदच्याच काळातला विद्वान अल्बेरुनीही हिंदुस्थानच्या पश्चिमेकडच्या डोंगरांत अफगाण टोळ्या राहतात, असं नोंदवतो. दोघांपैकी कोणीही राजघराण्याला त्यांच्यात धरत नाही. महमूदची आई मात्र झाबुलिस्तानच्या, म्हणजे गझनीच्या आसपासच्या प्रदेशातल्या, एका सरदाराची मुलगी होती. तेवढं स्थानिक रक्त मान्य करायला हवं.

‘दरबार फारसी, म्हणून इराणी’

तिन्हींत हा मुद्दा सर्वांत वजनदार दिसतो, कारण त्यातला पूर्वार्ध खरा आहे. उन्सुरी, फर्रुखी हे दरबारी कवी फारसीत लिहीत. फिरदौसीचं फारसी महाकाव्य ‘शाहनामा’ही महमूदलाच अर्पण झालं. गडबड होते ती ‘म्हणून’ या शब्दापाशी. महमूदचा वजीर इस्फराइनी याने दिवाणी पत्रव्यवहार फारसीत आणला, तर त्याच्यामागून आलेल्या मैमंदीने तो पुन्हा अरबीत नेला. दफ्तराच्या भाषेवरून जात ठरवायची तर वजीर बदलला की सुलतानही इराण्याचा अरब झाला म्हणायचं का?

त्याहून गमतीचं आहे ते हिजरी 418 चं, म्हणजे 1027-28 चं चांदीचं नाणं. ते पाडलं लाहोरला, म्हणजे तेव्हाच्या महमूदपुरात. एका बाजूला अरबी कलमा, दुसऱ्या बाजूला काश्मीरकडच्या शारदा लिपीत संस्कृत: ‘अव्यक्तमेकं मुहम्मद अवतार नृपति महमूद’. मूर्तिभंजक म्हणवून घेणाऱ्या सुलतानाच्या नाण्यावर ‘अवतार’! नाणं चालायला हवं होतं ते पंजाबच्या बाजारात, म्हणून तिथल्या लोकांची भाषा वापरली. यावरून कोणी त्याला काश्मिरी पंडित ठरवत नाही.

लष्कराचं तसंच. गाभा तुर्क गुलामांचा; भोवती हिंदू, कुर्द, अरब, कास्पियन समुद्राकाठचे दैलमी, अफगाण. महमूदचा मुलगा मसूद याने बंडखोर अहमद नियाल्तिगीनवर पाठवलेला सेनापती तिलक हा हिंदू न्हाव्याचा मुलगा होता. हे बैहकी सांगतो, आणि बैहकी त्याच दरबारात चिटणीस होता. सुलतान मसूद तुर्कीत बोलल्याचे उल्लेखही त्याच्याच इतिहासात आहेत.

‘वंश यझ्दगिर्दचा’

ही वंशावळ जूझजानी या इतिहासकाराने साधारण 1260 मध्ये नोंदवली, म्हणजे सबुक्तिगीन मेल्यावर अडीचशेहून अधिक वर्षांनी. साधा हिशेब करून पाहा. यझ्दगिर्द मारला गेला 651 मध्ये, सबुक्तिगीन जन्मला 940 च्या आसपास. जवळजवळ तीनशे वर्षं भरायला वंशावळीत पिढ्या आहेत पाच-सहा, म्हणजे दर पिढीला सुमारे पन्नास वर्षं. बाजारात विकल्या गेलेल्या माणसाच्या घराण्याला प्रतिष्ठित पूर्वज हवे होते. ते पुरवणारे लेखकही तेव्हा मिळत.

पुढच्या पिढ्यांबाबत मात्र ‘तुर्क’ हा शब्द जपून वापरावा. खुस्रौशाह, खुस्रौ मलिक अशी नावं येईपर्यंत घराणं रीतिरिवाजाने बरंचसं फारसी झालं होतं. 1186 मध्ये लाहोरात ते संपलं तेव्हा बर्सखानशी त्याचं नातं वंशापुरतंच उरलं असावं.

मजकुराच्या शेपटीला ‘घोरीही तसाच’ असं एक वाक्य असतं. घोरी घराणं आजच्या मध्य अफगाणिस्तानातल्या घोरच्या डोंगरातलं. ते तुर्क नव्हतं. अभ्यासक त्याला सहसा पूर्वेकडचं इराणी, म्हणजे ताजिक मानतात. तुर्क होते ते मुइझुद्दीन घोरीचे, म्हणजे मुहम्मद घोरीचे, गुलाम, ऐबक आणि त्याच्यासारखे, आणि दिल्लीची गादी मिळाली ती त्यांना.