पोयाची जुनी राणी घर सोडत नाही

नमस्कार दादा,

नावाच्या जागी तुम्ही नुसतं ‘आटपाडीहून’ लिहिलंय, म्हणून दादा म्हणतो. पोयाच्या माश्यांवर, म्हणजे भिंतीच्या फटीत राहणाऱ्या बिननांगीच्या चिमुकल्या मधमाश्यांवर लिहिलं तेव्हा कोणीतरी कान धरेल असं वाटलंच होतं. तुमचे आक्षेप तीन. मी त्यांना ‘निरुपद्रवी’ म्हटलं ते खोटं, कारण गोठ्याची जुनी भिंत उतरवताना त्या तुमच्या वडिलांच्या केसांत आणि कानात घुसल्या. दुसरं, पोळं फुटतं, म्हणजे एका वसाहतीच्या दोन होतात, तेव्हा जुनी राणी बाहेर पडते हे मधपेटी ठेवणारं कोणीही सांगेल, आणि मी नेमकं उलटं लिहिलं. तिसरं, आंबट-पातळ मध म्हणजे नासका मध, त्याचं कौतुक कशाला?

पहिलं कबूल. नांगी त्यांची झिजून नावापुरती उरलीय, टोचता येत नाही, पण जबडा शाबूत आहे. जेमतेम चार मिलिमीटरची माशी, एकटी काय करणार? पण घर फुटलं की शेकड्यांनी येतात, केसांच्या मुळाशी, पापणीला, कानाच्या पाळीला चावतात आणि चिकट राळ लावून जातात. ‘निरुपद्रवी’ शब्द काढलाय. वडिलांना माझा नमस्कार सांगा.

दुसऱ्या मुद्द्यावर मात्र मी हटणार नाही. तुम्ही म्हणता ते सातेरीचं, पेटीत पाळतात त्या आपल्या मधमाशीचं, आणि सातेरीपुरतं सोळा आणे खरं. तिथे जुनी राणी निम्म्याअधिक माश्या घेऊन उडते आणि भरलं घर लेकीला सोडते. पोयाच्या राणीला ते जमतच नाही. एकदा अंडी घालायला लागली की तिचं पोट इतकं फुगतं की उडायचं नाव नको. म्हणून ती घरातच राहते आणि बाहेर पडते ती नवी, कुमारी राणी. तीही एका झटक्यात नाही. आधी कामकरी माश्या नवी पोकळी शोधतात, साफ करतात, जुन्या घरातून मेण-राळ आणि मध वाहून नेतात. आपल्याकडे रुखवत आधी पोचतं आणि नवरी मागून येते, तसंच.

हे मी पुस्तकातून घोकलेलं नाही. वाईला आमच्या जुन्या घराच्या दगडी भिंतीत, दिंडीदरवाजाच्या वर त्यांची एक फट आहे. तोंडाशी मेण आणि राळेची करंगळीएवढी नळी, तिच्या काठावर दिवसभर पहारेकरीण माश्या. दोन वर्षांपूर्वी खिडक्यांना निळा ऑइलपेंट दिला, तर ओला आहे तोवर या बयांनी मागच्या पायांवर त्याचे गोळे करून नेले. राळ समजून! नळीवर निळी रेघ उमटली. रंग वाळून महिना झाला असेल, तेव्हा दहा-बारा हातांवर दुसऱ्या फटीत नवी नळी निघायला लागली, आणि तिच्यातही निळं. ते दुसरीकडून कुठून येणार? पुढे कित्येक दिवस दोन्ही फटींमध्ये ये-जा चालू होती. कोर्टात टिकेल असा पुरावा नाही हा, पण माझं समाधान झालं.

मधाचं तुमचं म्हणणं अर्धं खरं आहे. हा मध षट्कोनी घरांच्या पोळ्यात नसतो, मेण-राळेच्या बोराएवढ्या कुप्यांत असतो आणि त्यात पाणी जास्त. आपल्याकडच्या नियमाप्रमाणे मधात पाणी २० टक्क्यांच्या वर नको, हा सहज वर जातो. म्हणून बाहेर ठेवला तर लवकर फसफसतो. पण आंबटपणा हा त्याचा जातिवंत गुण, तो नासल्याची खूण नव्हे. २०२० साली याच कुळातल्या ऑस्ट्रेलिया-मलेशियाकडच्या माश्यांच्या मधात ट्रेहॅल्युलोज ही साखर भरपूर सापडली. नेहमीच्या मधाची ती ओळख नाही.

तरीही फट फोडून मध काढा असं मी कुणाला सांगणार नाही. सातेरीच्या अळीला दाई माश्या पुन्हा पुन्हा भरवतात. पोयात तसं नाही. कामकरी माश्या मेणाचं बारकं घर करतात, जन्मभराचं खाणं आधीच भरतात, राणी वर अंडं ठेवते आणि लगेच झाकण बंद. ती कुपी फुटली तर अळीला नव्याने भरवायला कोणी येत नाही. वाटीभर मधापायी शेकडो पिल्लं जातात.

तुमची गोठ्याची भिंत अर्धी उतरून थांबलीय असं लिहिलंय. अजून नळी दिसत असेल तर घाई करू नका. संध्याकाळी, माश्या परतल्यावर, डोक्याला उपरणं बांधून तो दगड सोडवा. पिल्लांच्या कुप्यांचा घोस अलगद एका लाकडी खोक्यात ठेवा, राणी त्यातच असेल, बोटाने धरू नका. फुटलेल्या मधाच्या कुप्या आत टाकू नका, मुंग्या येतात. खोक्याला एक भोक पाडा आणि जुनी नळी तशीच्या तशी त्या भोकाला चिकटवा. खोकं ठेवायचं भिंतीच्याच जागी. बाहेर राहिलेल्या माश्या सकाळी ती नळी हुंगत येतील. डाळिंबाला फवारणी केव्हा आहे तेवढं कळवा, त्याआधी हे उरकलेलं बरं.