साउंडवाल्याला नट कळत नाहीत?

नमस्कार. साउंडवाल्याने दिग्दर्शन करणं म्हणजे हेडफोन लावून सिनेमा बघणं, त्याला ना नट कळतो ना फ्रेम, असा तुमचा आक्षेप. फ्रेमचं थोडंफार मान्य. नटाचं अजिबात नाही.

सिंक साउंडच्या, म्हणजे शूटिंगच्या वेळीच संवाद रेकॉर्ड होतात अशा सेटवर बूम, म्हणजे लांब काठीवरचा माइक, धरणाऱ्याकडे नीट बघा. दोन नटांत एकच बूम असेल, तर दुसऱ्याचं वाक्य सुरू होण्याआधीच माइक त्याच्याकडे वळलेला हवा. शब्द ऐकून वळवला तर पहिलं अक्षर लांबून आल्यासारखं पोकळ येतं. म्हणून त्याला संवाद तर पाठ लागतातच, शिवाय नटाचा श्वासही ओळखावा लागतो: छाती भरली, हनुवटी हलली की हात निघालाच पाहिजे. रेकॉर्डिस्टच्या कानात तर आवंढा गिळल्याचाही आवाज येतो. वाक्य मनापासून आलं की नुसतं म्हणून टाकलं, हे अशा माणसाला टेक चालू असतानाच कळतं.

ही मंडळी फसतात ती दुसरीकडे. एक खोड स्वच्छ ट्रॅकची. भांडणाच्या सीनमध्ये एकमेकांवर बोलायचं नाही, अशी तंबी दिली की संवाद सुटे मिळतात आणि भांडण मरतं. त्यापेक्षा दोघे फ्रेममध्ये असताना खुशाल ओव्हरलॅप होऊ द्यावा, क्लोजअपला फ्रेमबाहेरच्या नटाला थांबायला सांगावं, आणि अडलेलं वाक्य त्याच जागी, त्याच माइकवर लगेच वाइल्ड, म्हणजे कॅमेऱ्याशिवाय नुसता आवाज, घ्यावं. पॅकअपनंतर घेतलं तर नटाचा सूर उतरलेला असतो.

दुसरी खोड जास्त महाग पडते. ‘दारावरची थाप नंतर आवाजात टाकू’ म्हणून पुढे जायचं. थाप हवी तशी मिळते हो, पण ती ऐकून वर बघणारा चेहरा शूटच केला नसेल तर एडिटरने कट कशावर करायचा?

उदाहरणं मागितलीत. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या रसूल पूकुट्टी यांना ध्वनिमिश्रणाचं ऑस्कर मिळालं २००९ मध्ये, आणि त्यांनी दिग्दर्शित केलेला ‘ओट्टा’ हा सिनेमा आला २०२३ मध्ये. तेव्हा ‘पुरस्कार मिळाला की लगेच दिग्दर्शक’ असं म्हणतात, ते काही खरं नाही. हॉलिवूडचा साउंड डिझायनर गॅरी रायडस्ट्रॉमनेही आधी पिक्सार या अ‍ॅनिमेशन स्टुडिओची ‘लिफ्टेड’ ही छोटी फिल्म केली (२००६), पूर्ण लांबीची फिल्म बऱ्याच नंतर. तिथलाच साउंड डिझायनर वॉल्टर मर्च याचं नाव या यादीत घेतात, पण तो एडिटिंगही करत होता, त्यामुळे तुमच्या मुद्द्याला ते उत्तर होत नाही.

या वाटेने जाणाऱ्याने पहिल्या फिल्मचं साउंड दुसऱ्याच्या हाती द्यावं. रफ कट, म्हणजे एडिटिंगचा पहिला कच्चा खर्डा, एकदा पूर्ण म्यूट करून बघावा, तोही शूटिंगचा एखादा दिवस हाताशी असतानाच. टेंपररी इफेक्ट्स आणि संगीत घातलं की राहून गेलेले शॉट लपतात. म्यूट केल्यावर कोण कोणाकडे बघतंय हे जिथे समजत नाही, तिथला शॉट त्या दिवसाच्या यादीत घालावा.