पोहे-जिलबीच्या पलीकडचं इंदूर कोण दाखवणार?

पुन्हा एक रील आली. सराफ्यात रात्री गराडू, भुट्ट्याचा कीस, छप्पन दुकान आणि शेवटी 'स्वच्छतेत नंबर वन'. पुरे करा रे भियांनो! खायला मलाही आवडतं, पण शहराचा एवढाच चेहरा?

माहितीपट बनवणारे आनंद पटवर्धन मला मोठे वाटतात ते यासाठीच. १९८५ मध्ये त्यांनी 'हमारा शहर' केली, मुंबईत ज्यांच्या झोपड्या पाडल्या जात होत्या त्यांच्यावर. राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दुसरा कोणी पुढच्या विषयाकडे वळला असता. त्या फिल्ममध्ये शाहीर विलास घोगरे गातात. १९९७ साली घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जण गेले आणि काही दिवसांत घोगऱ्यांनी स्वतःला संपवलं. पटवर्धनांनी तेव्हा कॅमेरा उचलला. 'जय भीम कॉम्रेड' पुरी झाली २०११ मध्ये. चौदा वर्षं! आणि यांच्या फिल्म दूरदर्शनवर लागाव्यात म्हणून कोर्टाच्या पायऱ्या चढायच्या, ते वेगळंच. त्यांची मतं सगळी पटतात असं नाही, पण ती चिकाटी कुठून आणायची?

आता आपल्याकडे या. इंदूरची हुकुमचंद मिल, कापडाची गिरणी, १९९१ मध्ये बंद पडली. कामगारांचे थकलेले सुमारे २२४ कोटी सुटले २०२३ च्या डिसेंबरात. तोवर किती घरांत पैसे घ्यायला बायको किंवा मुलंच उरली होती. भोंगे गेले, पण अनंत चतुर्दशीला मिलांच्या झांक्या, म्हणजे मिरवणुकीतले हलते देखावे, निघतातच. सगळे समोरून बघतात: दिव्यांचा लखलखाट, गदा फिरवणारा हनुमान. एकदा मागे जाऊन बघा. प्लायवूडला ठोकलेली मोटर, गदेच्या हाताला बांधलेली तार आणि ती सैल पडली की पान्हा घेऊन आत वाकणारा म्हातारा. शहरभर मिरवणाऱ्या झांकीत त्याचं तोंड कुणाला दिसत नाही. पगार थांबल्यावर त्याचं घर कसं चाललं, हेही कुणी विचारलं नाही.

याला ड्रोन लागत नाही, लागतो वेळ. एका रात्रीत रील होते, फिल्म नाही. आणि माणसं थांबणार नाहीत. जे मिल बंद पडली तेव्हा तिशीचे होते ते आज साठीपार आहेत.

आपल्या ग्रुपमधली दोन-चार मुलं कॅमेरा बरा चालवतात. यंदा झांकीचं काम सुरू झालं की पहिल्या दिवसापासून तिथे जाऊन बसा. आधी कॅमेरा काढू नका, चहा प्या, नावं विचारा. मालवा मिलच्या बाजूची दोन-तीन घरं माझ्या ओळखीची आहेत. ज्याला जायचंय त्याने इनबॉक्समध्ये सांगा, मी सोबत येतो.