श्रीलंकेला बंदरानं बुडवलं की रोख्यांनी?

"हंबनटोटा बंदर चीनच्या घशात गेलं आणि श्रीलंका बुडाली, एवढंच आहे ते," सीएनं विषय मिटवूनच टाकला.

मास्तरांना ते पटेना. "२०१७ साली बंदर ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्यानं दिलं, सुमारे ११२ कोटी डॉलर आले. ते परकीय गंगाजळीत गेले. बंदर बांधायला चीनकडून घेतलेलं मूळ कर्ज तसंच राहिलं. चीनचं देणं जड होतंच, पण गळ्याशी आलं ते डॉलर रोख्यांनी, म्हणजे परदेशी गुंतवणूकदारांना विकलेल्या बाँडनी."

"रोखा काय, कर्ज काय, एकच ना?"

"फेडायची तऱ्हा बघ ना. जागतिक बँकेचं कर्ज पंचवीस-तीस वर्षांचं, तेही हप्त्यानं. रोख्यावर सहामाही व्याज, आणि मुद्दल एका तारखेला एकरकमी. म्हणून जुना फेडायला नवा रोखा काढायचा. डिसेंबर २०१९ पासून व्हॅट १५ वरून ८ टक्क्यांवर आणला, महसूल आटला, पुढच्या वर्षी करोनानं पर्यटन बसलं, पतमानांकन घसरलं. मग नवा रोखा घेणार कोण?"

बँकवाली इतका वेळ गप्प होती. "मला चीड येते ती १८ जानेवारी २०२२ ची. गंगाजळी तीन अब्ज डॉलरच्या आसपास, त्यातला निम्मा भाग चीनशी केलेल्या युआन अदलाबदलीचा (एकमेकांचं चलन उसनं घेण्याच्या कराराचा), जो सहज वापरता येत नव्हता. तरी त्या दिवशी ५० कोटी डॉलरचा रोखा पूर्ण फेडला. १२ एप्रिलला परकीय कर्जफेड थांबवलीच! मग हे ५० कोटी औषधांना का नाही ठेवले?"

"पत राखायला," सीए म्हणाला. "एकदा चुकवलं की बाजार वर्षानुवर्षं दारात उभं करत नाही."

"उभं करत होता कुठे? आणि श्रीलंकेचा रुपया डॉलरला २०० च्या आसपास दाबून धरलेला. परदेशातले कामगार जास्त दरासाठी हवाल्यानं पैसे पाठवायला लागले, बँकांत यायचे डॉलर गळाले. मार्चमध्ये दर बाजारावर सोडला, मेमध्ये ३६० वर. शंभर डॉलरच्या देण्याचे २०,००० रुपयांचे ३६,००० झाले."

"बरं, आंतरराष्ट्रीय नाणेनिधीकडे (आयएमएफ) मदतीला वर्षभर आधी गेले असते तर काय फरक पडला असता?" सीए अडून बसला. "१ सप्टेंबर २०२२ ला अधिकारी पातळीवर ठरलं, आणि तीन अब्ज डॉलरच्या कर्जाला निधीच्या मंडळाची मंजुरी २० मार्च २०२३ ला. साडेसहा महिने धनको देशांच्या, जुन्या कर्जात सवलत देऊ अशा हमीत गेले. भारतानं जानेवारीत दिली, चीननं मार्चमध्ये. २०२१ मध्ये चीननं घाई केली असती?"

"नसती केली," मास्तर म्हणाले. "पण ती वाट हाताशी डॉलर असताना बघता आली असती. मे २०२२ मध्ये वापरता येतील असे पाच कोटीही उरले नव्हते. पेट्रोलचं एक जहाज २८ मार्चपासून समुद्रात नांगर टाकून उभं होतं, आणि सरकारकडे त्याला द्यायला पैसे नव्हते."