मिकीच्या आधीची बावीस वर्षं

मिकी माउसच्या चित्रासह एक मेसेज फिरतोय. 'कार्टूनपटाचा शोध वॉल्ट डिस्नेने लावला. 1928 चा 'स्टीमबोट विली' हा जगातला पहिला बोलका कार्टूनपट. पहिला पूर्ण लांबीचा कार्टूनपट 'स्नो व्हाइट'. आणि मिकी डिस्नेने स्वतःच्या हाताने काढला.' मला तीन वेळा आला, म्हणून हा खटाटोप.

शोधाचं आधी. 1906 साली जे. स्टुअर्ट ब्लॅकटनने व्हायटाग्राफ कंपनीसाठी फळ्यावर खडूने चेहरे काढले, थोडं पुसून थोडं बदलून एकेक फ्रेम टिपली आणि ते चेहरे पडद्यावर हलले. डिस्ने तेव्हा पाच वर्षांचाही नव्हता. त्यानंतर आला वृत्तपत्रातला चित्रकार विन्सर मॅके. 1914 मध्ये तो चाबूक घेऊन रंगमंचावर उभा राही आणि मागच्या पडद्यावरची गर्टी नावाची डायनासोर त्याचं ऐके, हट्ट करी, रागावल्यावर रडेसुद्धा. शेवटी मॅके पडद्याआड जाई आणि त्याच क्षणी चित्रातला मॅके गर्टीवर स्वार होई. यासाठी हजारो चित्रं लागली, आणि प्रत्येक चित्रात मागचे डोंगर, तळं, झाड सगळं पुन्हा काढावं लागलं. ते काम जॉन फिट्झसिमन्स नावाच्या तरुणाने केलं. त्याचं नाव कुणाला आठवतंय?

ही हमाली संपवली अर्ल हर्डने. हलणारं पात्र पारदर्शक सेल्युलॉइडच्या तुकड्यावर, म्हणजे 'सेल'वर काढायचं आणि खाली एकच पार्श्वभूमी ठेवायची, ही त्याची युक्ती. पेटंट 1915 चं. कार्टूनपट बनवणाऱ्या जॉन ब्रेने त्याच्याशी भागीदारी केली आणि दोघांच्या कंपनीने 1932 पर्यंत इतर स्टुडिओंकडून परवान्याचे पैसे घेतले. ज्या सेलवर मिकी उतरला, ती सेल ही.

आवाजाचा दावाही टिकत नाही. फ्लायशर बंधूंच्या 1926 च्या एका गाण्याच्या कार्टूनमध्ये कुत्रा प्रेक्षकांना उद्देशून बोलतो. पॉल टेरीचं 'डिनर टाइम' 'विली'च्या काही आठवडे आधी आलं. हं, 'विली'त संगीताचा ताल आणि हालचाल जशी जुळली तशी आधीच्या कुणाला जुळली नव्हती. ते श्रेय डिस्नेचंच.

लांबीचं दोन वाक्यांत. अर्जेंटिनात क्विरिनो क्रिस्टियानीने 1917 मध्ये आणि जर्मनीत लॉटे रायनिगरने 1926 मध्ये पूर्ण लांबीचे कार्टूनपट केले होते. 'स्नो व्हाइट' 1937 चा, म्हणजे फार तर अमेरिकेतला पहिला.

उरला मिकी. त्याचा आवाज डिस्नेचा, हे खरं. पण रेषा डिस्नेचा सहकारी चित्रकार अब आयवर्क्स याच्या. 'विली'च्या शीर्षकपाटीवर डिस्नेच्या नावाखाली आयवर्क्सचं नाव लिहिलेलं आहे. मेसेज बनवणाऱ्याने सिनेमाची पहिली काही सेकंद पाहिली असती तरी पुरलं असतं.

निदान आयवर्क्सला पाटीवर जागा मिळाली. मिकीच्या आधी जगभर गाजलेला फेलिक्स बोका ऑटो मेसमरने घडवला, असं बहुतेक अभ्यासक मानतात. पाटीवर मात्र स्टुडिओमालक पॅट सलिव्हनचंच नाव असे. मेसमरने पुढे न्यूयॉर्कच्या टाइम्स स्क्वेअरवरच्या दिव्यांच्या जाहिरातींसाठी हलती चित्रं काढली. त्यांच्यावरही त्याचं नाव नसायचं.