चार-पाच पानांचे तीनशे तास

काकांच्या निवृत्त शिक्षकांच्या ग्रुपवर परवा पुन्हा तेच फिरलं: ‘तुर्की दिग्दर्शक मेहमत बोझदाग यांनी तोपकापी राजवाड्यातली अर्तुग्रुलच्या काळातली दफ्तरं वाचून एकेक प्रसंग उभा केलाय. मालिका नव्हे, इतिहासच. मुलांना दाखवा.’ आयुष्यभर इतिहास शिकवलेल्या माणसांनी हे पुढे ढकलावं, कमाल आहे.

किरकोळ आधी. अर्तुग्रुल म्हणजे ऑटोमन घराण्याचा संस्थापक उस्मान याचा बाप. बोझदाग त्याच्यावरच्या ‘दिरिलिश: अर्तुग्रुल’ या मालिकेचे लेखक-निर्माते. दिग्दर्शक मेतिन गुनाय.

आता दफ्तरं. इस्तंबूलचा तोपकापी बांधायला घेतला तोच ऑटोमनांनी 1453 ला ते शहर जिंकल्यावर. अर्तुग्रुल वारला 1280 च्या सुमारास. तंबू हलवत फिरणाऱ्या टोळीने कसली दफ्तरं ठेवायची? तो खरंच होऊन गेला याला पुरावा म्हणून दाखवतात ते त्याच्या मुलाचं नाणं, ‘उस्मान बिन अर्तुग्रुल’ असा मजकूर असलेलं. बाकीच्या कथा पंधराव्या शतकातल्या बखरींतल्या, म्हणजे दीड-दोनशे वर्षांनंतरच्या, आणि त्यांचाही एकमेकींशी मेळ नाही. खुद्द बोझदाग सांगून बसलेत की या काळाची माहिती चार-पाच पानांपलीकडे नाही, नावंसुद्धा दर साधनात वेगळी, गोष्ट आम्ही कल्पनेने रचतो. भाग दीडशे, एकेक साधारण दोन तासांचा. करा हिशेब: पानामागे साठ तास! मग भर घालायला मोठी नावं लागतातच. सूफी इब्न अरबी 1240 मध्ये दमास्कसला वारले; अर्तुग्रुलशी त्यांची गाठ पडल्याची नोंद नाही. मालिकेत मात्र ते ऐन वेळी हजर.

आणि मालिकेतले टेम्प्लर, म्हणजे क्रुसेडमधले ख्रिस्ती लढवय्ये सरदार? बरं, अंतिओकजवळचा बाग्रास किल्ला तेव्हा त्यांच्या ताब्यात होता, एवढं मान्य.

मेसेजला शेवटी शेपूट जोडलंय, पहिल्या महायुद्धातल्या इराकच्या कूत-अल-अमारा वेढ्यावरच्या, बोझदाग यांच्याच 2018 च्या मालिकेचं: ‘तुर्कांनी इंग्रजांचं नाक कापलं.’ कापलं, खरं आहे. जवळपास पाच महिन्यांच्या वेढ्यानंतर 29 एप्रिल 1916 ला इंग्रजांचा जनरल टाउनशेंड शरण गेला. पण त्याच्या हाताखालची फौज कुठली? सहावी पुणे डिव्हिजन. 103, 110 आणि 117 या मराठा पलटणी तिच्यातच होत्या, आणि शरण गेलेल्या सुमारे 13,000 जणांत बहुसंख्य हिंदी. पीठ संपत आलं तेव्हा घोडे कापले. धर्माला चालत नाही म्हणून आपल्या शिपायांनी ते मांस बरेच दिवस नाकारलं. पुढे टाउनशेंडची सोय इस्तंबूलजवळच्या बेटावर झाली. शिपायांना वाळवंटातून पायी हाकलत नेलं.