आपसांत मिटले म्हणून खटला मिटत नाही

गेल्या आठवड्यात मामेबहिणीने मला एक मेसेज पाठवला आणि त्याखाली एवढेच विचारले, "ताई, हे खरं आहे का?" फिर्यादी आणि आरोपी यांनी स्टॅम्प पेपरवर समझोता करून नोटरी केली की गुन्हा कोणताही असो, पोलिसांना केस बंद करावीच लागते, असे त्या मेसेजमध्ये छातीठोकपणे लिहिले होते. पोलिसांनी ऐकले नाही तर उच्च न्यायालय दोघांच्या संमतीने एफआयआर रद्द करते, लोकअदालतीत एका दिवसात काम होते आणि मिळालेले पैसे कायदेशीर भरपाई ठरतात, असेही त्यात होते. तिच्या १४ वर्षांच्या मुलीने शिकवणी घेणाऱ्या इसमाविरुद्ध तक्रार दिली असून पोक्सोखाली, म्हणजे मुलांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणाऱ्या कायद्याखाली, गुन्हा दाखल आहे. मुलीची ओळख पटेल असे काहीही मी येथे लिहिणार नाही. कायद्यालाही ते मान्य नाही. मेसेज आला त्याच दिवशी ओळखीतली चार माणसे मामेबहिणीच्या घरी येऊन समझोत्याचा तयार कागद ठेवून गेली, म्हणून हे उत्तर.

पहिला दावा सर्वांत जास्त पसरलेला आहे. एफआयआर ही फिर्यादीची खासगी मालमत्ता नव्हे. दखलपात्र, म्हणजे पोलिसांना स्वतःहून तपास करता येतो अशा, गुन्ह्याचा खटला शासन विरुद्ध आरोपी असा चालतो आणि पीडित व्यक्ती त्यात साक्षीदार असते. कोणते गुन्हे आपसांत मिटवता येतात याची यादी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता या फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याच्या कलम ३५९ मध्ये आहे. १ जुलै २०२४ पूर्वी ती जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३२० मध्ये होती. साधी दुखापत, बदनामी यांसारखे काही गुन्हे पक्षकार स्वतः मिटवू शकतात, तर काहींसाठी न्यायालयाची परवानगी लागते. या कलमात सांगितल्याखेरीज अन्य कोणत्याही गुन्ह्यात अशी तडजोड होणार नाही, असे तेथेच स्पष्ट लिहिलेले आहे. पोक्सोचे गुन्हे त्या यादीत नाहीत. लोकअदालतीचा मुद्दाही येथेच संपतो, कारण विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ प्रमाणे तडजोडयोग्य नसलेल्या गुन्ह्यावर लोकअदालतीला अधिकारच नाही.

उच्च न्यायालयाबद्दलच्या दाव्यात अर्धे सत्य आहे आणि ते नाइलाजाने का होईना, मान्य करावे लागते. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये 'ग्यानसिंग विरुद्ध पंजाब राज्य' या निकालात सांगितले की यादीबाहेरचा गुन्हा असला तरी उच्च न्यायालय आपल्या अंगभूत अधिकारात फौजदारी कार्यवाही रद्द करू शकते. पैशांचे व्यवहार, भागीदारीतले तंटे, नवरा-बायकोचे वाद अशी प्रकरणे या मार्गाने रोज संपतात आणि त्यांपैकी पुष्कळ संपायलाच हवी असतात. अल्पवयात जुळलेले प्रेमसंबंध आणि पुढे झालेले लग्न पाहून न्यायालयांनी पोक्सोची काही प्रकरणेही थांबवली आहेत, हे खरे आहे. परंतु खून, बलात्कार, दरोडा यांसारखे गुन्हे समझोत्याने रद्द करता येणार नाहीत, हेही त्याच २०१२ च्या निकालात आहे. मेसेज लिहिणाऱ्याने ते वाक्य गाळले.

मामेबहिणीच्या घरी आलेला कागद ज्या प्रकरणाशी थेट जुळतो, ते राजस्थानातले आहे. तेथे सरकारी शाळेतल्या शिक्षकावर अल्पवयीन विद्यार्थिनीचा लैंगिक छळ केल्याचा आरोप होता. मुलीच्या वडिलांनी गैरसमजातून तक्रार दिल्याचे स्टॅम्प पेपरवर लिहून दिले आणि २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने एफआयआर रद्द केला. त्याविरुद्ध त्रयस्थ व्यक्ती सर्वोच्च न्यायालयात गेल्या. ७ नोव्हेंबर २०२४ रोजी त्या न्यायालयाने रद्द करण्याचा आदेशच रद्दबातल ठरवून कार्यवाही पुढे चालवण्यास सांगितले, कारण असा गुन्हा दोन कुटुंबांतली खासगी बाब मानता येत नाही.

मामेबहिणीच्या घरी ठेवलेल्या कागदावरही 'गैरसमजातून तक्रार दिली, आता आमची काही तक्रार नाही' असेच टाइप केलेले होते. वडिलांच्या सहीसाठी एक रेघ होती, आरोपीसाठी एक आणि साक्षीदारांसाठी दोन. रकमेची जागा कोरी होती. मुलीचा उल्लेख 'सदर अल्पवयीन मुलगी' असा एकदाच आला होता आणि तिला काय वाटते हे सांगायला त्यात एकही ओळ नव्हती. जिच्या अंगावर हात टाकला गेला तिला वगळून मोठ्या माणसांनी आपसांत भाव ठरवायचा, याला समझोता म्हणणे मला मान्य नाही. खटला चालवण्याची जबाबदारी शासनाकडे असते ती यासाठीच, की उंबऱ्यावर येऊन बसणाऱ्या चौघांसमोर त्या मुलीच्या आईबापांना एकटे उत्तर द्यावे लागू नये.

राहिला पैशांचा मुद्दा. गुन्हेगाराला शिक्षेपासून वाचवण्यासाठी पैसे घेणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २५० प्रमाणे आणि देऊ करणे हा कलम २५१ प्रमाणे स्वतंत्र गुन्हा आहे. कायद्याने तडजोड मान्य केलेले गुन्हे तेवढे अपवाद आहेत. १८७२ च्या करार कायद्यात तर कलम २३ खाली उदाहरणच दिले आहे की लुटीचा खटला सोडून देण्याच्या बदल्यात मालाची किंमत परत करण्याचा करार शून्य ठरतो. नोटरीच्या शिक्क्याने त्यात काही फरक पडत नाही.

मुलीला कोर्टात फेऱ्या घालाव्या लागतील, ही भीती मात्र खोटी नाही. पोक्सोने शक्यतो एका वर्षात खटला संपवण्यास सांगितले आहे आणि ती मुदत अनेक ठिकाणी पाळली जात नाही. तरीही साक्ष बंद दालनात होते, बालकाला आरोपीसमोर येऊ द्यायचे नसते, विशेष न्यायालय अंतरिम भरपाई देऊ शकते आणि महाराष्ट्रात २०१३ पासून पीडितांना शासनाकडून आर्थिक मदत देणारी मनोधैर्य योजना आहे, तिच्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जाता येते. ती मदत आरोपीच्या खिशातून येत नाही आणि तिच्यासाठी मुलीला खोटे ठरावे लागत नाही.

मामेबहिणीने आणि तिच्या यजमानांनी त्या कागदावर सही केलेली नाही. सोमवारी तिने तो, कोण कधी आले याच्या टिपणासह, तपास अधिकाऱ्यांकडे दिला आणि त्याची पोच घेतली.